पोटावर पाय देण्याआधी

कामगाराच्या पगारातून दंड कापायचा तर तो किती कापावा, याला आपल्याकडे 1936 पासून कायद्याची मर्यादा आहे. वेतन प्रदान कायद्याने ती आधी रुपयामागे अर्धा आणा अशी ठरवली, पुढे ती वेतनाच्या 3 टक्के झाली आणि नव्या वेतन संहितेनेही ती तेवढीच ठेवली. दंड लावण्यापूर्वी कामगाराला आपले म्हणणे मांडू द्यावे लागते. तो हप्त्याने कापता येत नाही, 90 दिवस उलटल्यावर वसूल करता येत नाही आणि जमा झालेली रक्कम कामगारांच्या हिताच्या कामालाच लावावी लागते. शे-दोनशे रुपयांच्या दंडाचा कायद्याने इतका बारकाईने विचार केला. त्याच कामगाराची उभी नोकरी काढून घ्यायची, तर कोणत्या चुकीला ती शिक्षा शोभते याचे असे माप मात्र कोणत्याही कायद्यात लिहिलेले नाही. ते ठरवण्याचे काम मालकाच्या, खातेप्रमुखाच्या आणि सर्वांत शेवटी न्यायाधीशाच्या विवेकावर सोडलेले आहे.

केंद्र सरकारच्या चार कामगार संहिता 21 नोव्हेंबर 2025 रोजी लागू झाल्या. त्यानंतरचा हा पहिला 1 मे. आजच्या सभांमधून किमान वेतनावर, कामाच्या तासांवर, संपाच्या नोटिशीवर बोलले जाईल आणि ते बोललेच पाहिजे. आम्हाला आज बोलायचे आहे ते कामगार चळवळीतही क्वचित चर्चेला येणाऱ्या एका प्रश्नाबद्दल. चूक घडली, चौकशी झाली, आरोप सिद्ध झाला. आता शिक्षा किती? आणि ती प्रमाणाबाहेर झाली तर न्यायालयाने तिच्यात कुठपर्यंत हात घालायचा?

बडतर्फीचा कागद हातात पडला म्हणजे नेमके काय होते, हे आधी नीट पाहायला हवे, कारण चौकशीच्या खोलीत ते कोणी विचारात घेत नाही. भविष्य निर्वाह निधी सुरक्षित राहतो, परंतु काही आरोपांखाली ग्रॅच्युइटी रोखता येते. सरकारी नोकर ‘सेवेतून काढून टाकला’ गेला तर निदान पुन्हा सरकारी नोकरीसाठी अर्ज करू शकतो; ‘बडतर्फ’ झाला तर तो मार्गही सहसा बंद होतो. पंचेचाळिशीतल्या फिटरला किंवा लिपिकाला दुसरीकडे कोण घेणार? आधीची नोकरी का सुटली, हा प्रश्न प्रत्येक अर्जावर असतो आणि त्याचे खरे उत्तर लिहिले की अर्ज तिथेच थांबतो. कंपनीची खोली सोडावी लागते, पतपेढीच्या कर्जाचे हप्ते थकतात, मुलीचे कॉलेज मध्येच सुटते. ज्यांच्यावर कोणताही आरोप नव्हता, ज्यांना कोणी चार्जशीट दिली नव्हती, त्या चार-पाच माणसांना ही शिक्षा आयुष्यभर भोगावी लागते. म्हणून ही शिक्षा कधीच देऊ नये, असे आमचे म्हणणे नाही. ती देणाऱ्याने तिचे वजन ओळखून द्यावी, एवढेच मागणे आहे आणि ते आजवर पुरेसे मान्य झालेले नाही.

मालकाच्या मर्जीवर नोकरी टिकण्याचे दिवस मुंबईने जवळून पाहिले आहेत. गिरणीत जॉबर, म्हणजे मुकादम, माणूस लावी आणि जॉबरच त्याला काढून टाकी. कोणत्या चुकीला कोणती शिक्षा हे लिहून ठेवा, हा आग्रह गिरणगावातल्या संघर्षातून पुढे आला. 1928 च्या मोठ्या संपानंतर नेमलेल्या फॉसेट समितीपुढे स्थायी आदेशांचा, म्हणजे कामावरच्या नियमांच्या लेखी मसुद्याचा, प्रश्न कळीचा होता. पुढे मुंबई प्रांताने 1938 च्या औद्योगिक विवाद कायद्यात त्यांना जागा दिली आणि 1946 मध्ये देशभरासाठी स्थायी आदेशांचा कायदा झाला. त्या वेळी व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात कामगार खाते डॉ. बाबासाहेब आंबेडकरांकडे होते. केंद्राच्या नमुना स्थायी आदेशांत तेव्हापासून एक वाक्य आहे. शिक्षा देताना गैरवर्तनाचे गांभीर्य, कामगाराची मागील नोंद आणि दोष वाढवणारी वा कमी करणारी परिस्थिती विचारात घ्यावी, असे ते सांगते. प्रमाणशीर शिक्षेचे सगळे तत्त्व त्या एका वाक्यात आले आहे. प्रत्यक्षात मात्र बहुतेक बडतर्फीच्या आदेशांत ते ‘वरील सर्व बाबींचा विचार करून’ एवढ्या शब्दांत उरकले जाते. कोणत्या बाबी आणि कोणता विचार, ते आदेश वाचणाऱ्याला कळत नाही.

न्यायालयांनीही प्रारंभी हात आखडता घेतला. 1957 मध्ये इंडियन आयर्न अँड स्टील कंपनीच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की मालकाचा हेतू खोटा असेल, कामगाराला सूडबुद्धीने छळले असेल, नैसर्गिक न्याय डावलला असेल किंवा निष्कर्ष पुराव्याला सर्वस्वी सोडून असेल, तरच औद्योगिक न्यायाधिकरणाने हस्तक्षेप करावा. शिक्षा जड की हलकी, हा मालकाचा प्रश्न. पण आयुष्य अशा चौकटीत मावत नाही. 1961 चा 1 जानेवारी रविवारी आला. हिंद कन्स्ट्रक्शनच्या काही कामगारांनी त्याऐवजी 2 जानेवारीला सुट्टी मागितली. कंपनीने ती नाकारली, तरी ते कामावर आले नाहीत. कंपनीने त्यांना काढूनच टाकले. हा खटला 1964 मध्ये सर्वोच्च न्यायालयात निकाली निघाला, तेव्हा न्यायालयाने आपल्याच चौकटीतून वाट काढली. कोणताही समंजस मालक एका दिवसाच्या गैरहजेरीला इतकी कठोर शिक्षा देणार नाही, तेव्हा ही शिक्षाच सूडबुद्धीचा पुरावा आहे, असे न्यायालयाने मानले. शिक्षेच्या अतिरेकावरून मनातला हेतू वाचण्याची ही रीत आम्हाला आजही महत्त्वाची वाटते.

आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेने 1963 मध्ये नोकरी संपवण्याबाबत एक शिफारस केली. अन्यायाने काढलेल्या कामगाराला तटस्थ यंत्रणेकडे दाद मागता यावी, असा तिचा आशय होता. तिला अनुसरून संसदेने औद्योगिक विवाद कायद्यात कलम 11अ घातले. ते 15 डिसेंबर 1971 रोजी अमलात आले. आता कामगार न्यायालय स्वतः पुरावा तपासून बडतर्फी योग्य नव्हती असे म्हणू शकत होते आणि तिच्या जागी सौम्य शिक्षा देऊ शकत होते. 1973 च्या फायरस्टोन निकालाने या बदलाचा पूर्ण अर्थ उलगडून सांगितला. त्याच सुमारास महाराष्ट्राने स्वतःचा कायदा केला, कामगार संघांना मान्यता आणि अनुचित कामगार प्रथांना प्रतिबंध करणारा. 1971 चा तो कायदा 8 सप्टेंबर 1975 पासून लागू झाला. किरकोळ किंवा तांत्रिक चुकीसाठी, चुकीचे स्वरूप आणि मागील नोंद न पाहता, धक्का बसावा इतकी विषम शिक्षा म्हणून कामगाराला काढणे ही त्याने ‘अनुचित प्रथा’ ठरवली. जास्तीची शिक्षा हा मालकाचा स्वतंत्र दोष ठरला. ही महाराष्ट्राची मोठी कमाई आहे आणि तिला पन्नास वर्षे झाल्याची दखल राज्यात जवळजवळ कोणी घेतली नाही.

या कायद्याची खरी परीक्षा ठाण्याच्या कलर-केम कंपनीच्या प्रकरणात झाली. रात्रपाळी, पहाटेचे साडेतीन. अधिकारी अचानक तपासणीला आले तेव्हा प्लँट चालू होता आणि कामगार झोपलेले होते. रासायनिक कारखान्यात यंत्र चालू ठेवून झोपणे हे साधे नाही. त्यातून आग लागू शकते, सोबत्याचा जीव जाऊ शकतो. चौकशी झाली, आरोप सिद्ध झाला, बडतर्फी झाली. प्रकरण कामगार न्यायालयापासून वर चढत 1998 मध्ये सर्वोच्च न्यायालयात निकाली निघाले. कंपनीचा युक्तिवाद कायद्याच्या अक्षरावर बिनतोड होता. राज्याच्या कायद्यातले ते कलम किरकोळ चुकांबद्दल आहे आणि चालू यंत्राजवळ झोपणे किरकोळ नाही. सर्वोच्च न्यायालयाने हे मान्य केले. पण निकाल तिथे थांबला नाही. चूक गंभीर असली तरी तिला दिलेली शिक्षा धक्कादायकरीत्या विषम असेल, तर ती कायद्याच्या दृष्टीने छळच ठरते आणि छळ ही त्याच कायद्यात वेगळी अनुचित प्रथा आहे, असे न्यायालयाने ठरवले. बडतर्फी टिकली नाही.

या निकालावर उद्योजकांच्या वर्तुळात बरीच नाराजी होती. तिचा आदर ठेवूनही आम्हाला तो निकाल योग्य वाटतो. पहाटे साडेतीनला डोळा लागणे आणि काम चुकवण्यासाठी घोंगडी पसरून झोपणे यांत फरक आहे. तो पाहायचा तर पाळ्यांची अदलाबदल कशी होती, आदल्या आठवड्यात दोन पाळ्या सलग झाल्या होत्या का, त्या माणसाच्या सेवापुस्तकात पूर्वी असे काही नोंदले होते का, हे विचारावे लागते. आणि कामगार झोपू नये म्हणून व्यवस्थापनाने काय केले होते, हेही. ताकीद, काही दिवसांचे निलंबन, वेतनवाढ रोखणे, पदावनती या सगळ्या पायऱ्या नियमात आहेत. त्या ओलांडून थेट शेवटच्या पायरीवर उडी का मारली, याचे उत्तर उडी मारणाऱ्यानेच दिले पाहिजे.

कलम 11अ चे दार मात्र सगळ्यांसाठी उघडे नव्हते. ते कायद्याच्या व्याख्येतल्या कामगारापुरते होते. व्यवस्थापकीय अधिकारी त्याच्या बाहेर. सरकारी कर्मचाऱ्याची वाट वेगळी. त्याला राज्याचे किंवा केंद्राचे प्रशासकीय न्यायाधिकरण (मॅट, कॅट) किंवा उच्च न्यायालय गाठायचे आणि तिथे प्रश्न निराळ्या भाषेत विचारला जातो. या वाटेवरचा मैलाचा दगड म्हणजे 1987 चा रणजित ठाकूर विरुद्ध भारत सरकार हा निकाल. या सिग्नलमनने आपल्या कमांडिंग ऑफिसरकडून होणाऱ्या वागणुकीची तक्रार थेट वरिष्ठांकडे पाठवली, म्हणून त्याला 28 दिवसांची कैद झाली. कैदेत असताना समोर आणलेले जेवण खाण्याचा हुकूम त्याने मोडला, असा नवा आरोप आला. समरी कोर्ट मार्शलने एक वर्षाची सक्तमजुरी, सैन्यातून बडतर्फी आणि पुढे नागरी नोकरीलाही अपात्रता अशी शिक्षा दिली. ज्याच्याविरुद्ध मूळ तक्रार होती तोच अधिकारी या न्यायासनावर बसला होता. सर्वोच्च न्यायालयाने सारे रद्द केले. शिक्षा किती हा प्रश्न देणाऱ्याच्या अखत्यारीतला असला, तरी ती न्यायबुद्धीला धक्का देणारी असेल तर न्यायालय तपासू शकते, हे या निकालाने सैन्याच्या शिस्तीपर्यंत नेले.

यानंतर बी. सी. चतुर्वेदी खटल्यात 1995 मध्ये तीन न्यायाधीशांच्या पीठाने सूत्र पक्के केले. शिक्षा ठरवणे शिस्तपालन अधिकाऱ्याचे काम. न्यायालयाने साधारणपणे त्यात पडू नये. शिक्षेने न्यायालयाच्या विवेकाला धक्का बसला, तर प्रकरण फेरविचारासाठी परत पाठवावे. अगदीच अपवाद म्हणून, दावा लांबू नये यासाठी, कारणे देऊन स्वतः योग्य शिक्षा ठरवावी. 2000 च्या ओम कुमार निकालाने या सूत्रामागची शास्त्रीय मांडणी दिली. शिक्षा मनमानी आहे एवढीच तक्रार असेल तर न्यायालय दुय्यम भूमिकेत राहील आणि कसोटी ‘वेन्सबरी’ची लावेल. म्हणजे कोणताही समंजस अधिकारी असा निर्णय घेऊच शकला नसता, इतका तो टोकाचा आहे का, एवढेच पाहिले जाईल.

वेन्सबरीची कसोटी 1947 मध्ये इंग्लंडमधल्या एका छोट्या गावाच्या नगरपालिकेवरून जन्माला आली. रविवारी सिनेमा दाखवा, पण 15 वर्षांखालच्या मुलांना आत सोडू नका, अशी अट पालिकेने घातली होती आणि ती अट अतर्क्य आहे का, हा वाद होता. थिएटरच्या परवान्याच्या अटीसाठी ही सैल कसोटी पुरेशी असेल. माणसाच्या उपजीविकेसाठी ती पुरेशी आहे, हे आम्हाला पटत नाही. आणि न पटण्याचे कारण सर्वोच्च न्यायालयानेच दिलेले आहे. मुंबईच्या फुटपाथवर राहणाऱ्यांच्या ओल्गा टेलिस खटल्यात 1985 मध्ये, सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या अध्यक्षतेखालील घटनापीठाने उपजीविकेचा हक्क जगण्याच्या हक्कात धरला. 1993 मध्ये जे.एम.ए. इंडस्ट्रीज प्रकरणात आठ दिवसांहून अधिक गैरहजर राहिल्यास नोकरी आपोआप संपते, असा स्थायी आदेश समोर आला, तेव्हा न्यायालयाने याच हक्काचा आधार घेतला आणि चौकशीशिवाय कोणाला काढता येणार नाही असे सांगितले. काढण्याच्या रीतीला जगण्याच्या हक्काचा अनुच्छेद 21 लागू होतो, तर काढण्याच्या प्रमाणाला का नाही? जगण्याचा हक्क काढून घेणाऱ्या निर्णयाची तपासणी न्यायालयाने दुय्यम भूमिकेतून का करावी? याहून सौम्य शिक्षेने काम भागले नसते का, हा प्रश्न न्यायालयाने स्वतः होऊन विचारला पाहिजे आणि त्याचे उत्तर देण्याची जबाबदारी शिक्षा देणाऱ्यावर टाकली पाहिजे.

‘विवेकाला धक्का’ ही कसोटी आणखी एका कारणाने अपुरी आहे. धक्का कोणाला किती बसतो, हे ज्याच्या त्याच्या मनावर अवलंबून. वरिष्ठाला शिवीगाळ केल्याची प्रकरणे घ्या. 1982 मध्ये, चौदा वर्षे निष्कलंक नोकरी केलेल्या एका कर्मचाऱ्याची वरिष्ठाशी अर्वाच्य बोलल्याबद्दल झालेली बडतर्फी सर्वोच्च न्यायालयाने रद्द केली आणि दोन वेतनवाढी रोखण्यावर भागवले. 1984 मध्ये डेल्टन केबल प्रकरणातही शिवीगाळीवरची बडतर्फी टिकली नाही. 2005 मध्ये महिंद्रा अँड महिंद्राच्या प्रकरणात मात्र कामगार न्यायालयाने सौम्य केलेली शिक्षा सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा बडतर्फीवर आणली. वापरलेली भाषा कोणत्याही सुसंस्कृत समाजात खपण्यासारखी नाही, असे न्यायालयाचे मत पडले. तिन्ही निकाल आपापल्या वस्तुस्थितीवर योग्यही असतील. परंतु चार्जशीट हातात घेऊन युनियनच्या कार्यालयात आलेल्या कामगाराला या तिन्हींतून आपल्या नशिबी काय आहे ते सांगता येत नाही. संतापाच्या भरात तोंडातून गेलेला शब्द, जातीवरून किंवा बाईपणावरून हेतूने केलेला अपमान, आणि मारण्याची धमकी, यांत कायद्याने ठळक रेषा ओढली पाहिजे. पहिल्याला बडतर्फी कधीच शोभत नाही. दुसऱ्या-तिसऱ्याला शोभू शकते.

आता एस.टी.च्या गाडीत येऊ. कंडक्टरवरच्या अपहाराच्या प्रकरणांत सर्वोच्च न्यायालय दोन दशके अतिशय कठोर राहिले आहे. शेजारच्या कर्नाटकातल्या महामंडळाच्या एका प्रकरणात कंडक्टरजवळ हिशेबापेक्षा 93 रुपये जास्त सापडले. 2004 मध्ये बडतर्फी कायम झाली. रक्कम लहान की मोठी हे गौण आहे, विश्वास गेला हे मुख्य, हे या निकालांमागचे सूत्र. त्याचा गाभा आम्ही मान्य करतो. गावोगावच्या वाहकांच्या हातून रोज लाखो प्रवाशांचे पैसे महामंडळाच्या तिजोरीत येतात आणि प्रत्येक फेरीवर पहारा ठेवता येत नाही. मुद्दाम पैसे घेऊन तिकीट न देणाऱ्याला घरी पाठवावे, त्याची रक्कम पाच रुपये असली तरी. पण विश्वासघात सिद्ध होणे आणि हिशेब न जुळणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. आषाढी वारीच्या गर्दीत, शंभरावर माणसे कोंबलेल्या गाडीत, पुढच्या थांब्यापर्यंत तिकिटे पुरी व्हायच्या आत तपासणी पथक चढते. पैसे घेतले होते का, की घ्यायचे राहिले होते? जास्त निघालेले पैसे सुट्ट्याच्या घोळातले होते की खिशातले? अशा वेळी शिक्षा रकमेवरून ठरवू नये हे खरे, पण ती हेतूवरून ठरली पाहिजे आणि हेतूचा पुरावा महामंडळाने दिला पाहिजे. ‘रक्कम गौण’ हे सूत्र ‘हेतूही गौण’ असे वाचले जाऊ लागले, तर प्रामाणिक वाहक आणि चोर एकाच कागदावर बडतर्फ होतील. आणि तसे होत आले आहे, असे आमचे मत आहे.

एस.टी.चेच आणखी एक ताजे उदाहरण राज्याच्या स्मरणात आहे. शासनात विलीनीकरणाच्या मागणीसाठी ऑक्टोबर 2021 च्या अखेरीस सुरू झालेला संप एप्रिल 2022 पर्यंत चालला. त्या काळात हजारो कर्मचाऱ्यांवर निलंबन, बदली, सेवासमाप्ती, बडतर्फी अशा कारवाया झाल्या. शेवटी मुंबई उच्च न्यायालयाने 22 एप्रिलपर्यंत कामावर परतण्याची मुदत दिली आणि परतणाऱ्यांच्या नोकऱ्या वाचल्या. त्या संपाच्या नेतृत्वाबद्दल, मागणीच्या व्यवहार्यतेबद्दल, ग्रामीण प्रवाशांच्या हालांबद्दल मतभेद असू शकतात. पण एक गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे. हजारोंच्या बडतर्फीचे आदेश जेव्हा एकाच मजकुराने, केवळ नाव आणि बिल्ला क्रमांक बदलून निघतात, तेव्हा त्यांत कोणाच्याही वीस वर्षांच्या सेवेचा विचार झालेला नसतो. ती शिक्षा चुकीसाठी दिलेली नसते, संप मोडण्यासाठी दिलेली असते. हिंद कन्स्ट्रक्शनच्या निकालाने 1964 साली दिलेला धडा इथेही लागू पडतो: शिक्षेचा अतिरेक हेतूची खूण सांगतो.

चौकशीच्या पद्धतीतले एक मोठे छिद्र याच्याशी जोडलेले आहे. राज्यघटनेच्या अनुच्छेद 311 नुसार पूर्वी सरकारी नोकराला दोनदा बोलण्याची संधी होती, आधी आरोपावर आणि नंतर प्रस्तावित शिक्षेवर. आणीबाणीतल्या 42 व्या घटनादुरुस्तीने दुसरी संधी काढून घेतली आणि ती नंतर कधीच परत आली नाही. 1993 मध्ये घटनापीठाने चौकशी अहवालाची प्रत कर्मचाऱ्याला दिलीच पाहिजे असे ठरवले, हा मोठा दिलासा होता. पण अहवालावर बोलणे आणि शिक्षेवर बोलणे एक नव्हे. फौजदारी न्यायालयात खून सिद्ध झालेल्या आरोपीलाही शिक्षेच्या प्रश्नावर वेगळे ऐकून घेणे कायद्याने बंधनकारक आहे. त्याचे वय, घरची स्थिती, मागचे वर्तन तो मांडू शकतो. तीन महिने परवानगीशिवाय गैरहजर राहिलेल्या तलाठ्याला तो हक्क घटनेने नाही. आणि गैरहजेरीच्या प्रकरणांत तर शिक्षेवर बोलायलाच सर्वाधिक असते. 2009 च्या कोल इंडिया प्रकरणातल्या अधिकाऱ्याने सहा महिन्यांहून अधिक गैरहजेरी सरळ कबूल केली होती आणि आपल्या हाताबाहेरची कारणे सांगितली होती. तरी त्याला काढले. सर्वोच्च न्यायालयाने ही शिक्षा प्रमाणाबाहेरची मानून त्याला परत घ्यायला लावले, मागील पगार मात्र दिला नाही. 2012 मध्ये तर न्यायालयाने स्पष्ट केले की गैरहजेरी हेतुपुरस्सर होती हे दाखवल्याशिवाय ती गैरवर्तन ठरत नाही. आईच्या आजारपणात दवाखान्याच्या ओसरीवर रात्री काढलेल्या माणसाला हे सर्वोच्च न्यायालयात जाऊन कळण्याऐवजी खातेप्रमुखाच्या टेबलापाशीच कळायला नको का?

मागील नोंदीबाबतही असेच. पूर्वीच्या चुकांच्या आधारे शिक्षा वाढवायची असेल, तर ते नोटिशीत आधी सांगा, असे घटनापीठाने 1963 मध्येच म्हटले आहे. आजही असंख्य आदेशांत ‘मागील सेवाभिलेख समाधानकारक नाही’ हे वाक्य शेवटच्या परिच्छेदात पहिल्यांदा उगवते. चांगली नोंद मात्र कुठेच दिसत नाही. अपघाताशिवाय पंधरा वर्षे गाडी चालवली, पुरात मशीन वाचवले, कोविडमध्ये वॉर्ड सोडला नाही, हे लिहायला दोषारोपपत्रात रकाना नाही.

वेळेचा प्रश्न सर्वांत बोचरा आहे. न्यायालयाने शिक्षा कमी केली, पण दहा वर्षांनी केली, तर मधली दहा वर्षे कोणाची? 2013 मध्ये महाराष्ट्रातल्याच एका शिक्षिकेच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की बेकायदा काढलेल्या कर्मचाऱ्याला सेवेत घेताना मागील पगार देणे हाच सर्वसाधारण नियम असावा. तरीही शिक्षा प्रमाणाबाहेर म्हणून रद्द होते तेव्हा बहुधा ‘चूक तर होतीच’ म्हणून मागील पगार कापला जातो. हे अर्धवट न्याय देणे आहे. वेतनवाढ रोखण्याच्या लायकीच्या चुकीला दहा वर्षांचा पगार गमावणे ही पुन्हा प्रमाणाबाहेरचीच शिक्षा झाली, आणि ती न्यायालयाच्या हातून झाली.

नव्या औद्योगिक संबंध संहितेत काही चांगले आहे. निलंबनानंतरची चौकशी साधारणतः 90 दिवसांत संपवावी, तोवर निम्मा आणि पुढे विलंब कामगारामुळे नसेल तर तीन चतुर्थांश निर्वाह भत्ता द्यावा, असे ती सांगते. बडतर्फीऐवजी सौम्य शिक्षा देण्याचा अधिकारही तिने कायम ठेवला आहे. पण दाद मागण्याची मुदत तीन वर्षांवरून दोनवर आली आहे आणि स्थायी आदेशांचे बंधन केंद्रीय कायद्यातल्या 100 कामगारांवरून 300 कामगारांवर नेले आहे. गैरवर्तन कोणते आणि शिक्षा कोणती हे लिहून ठेवण्याची सक्ती त्याहून लहान कारखान्यांवर या संहितेने ठेवलेली नाही. फॉसेट समितीपुढे मांडलेला प्रश्न शंभर वर्षांच्या आत पुन्हा उभा राहतो आहे, तोही नेमका त्या कारखान्यांत जिथे युनियन नाही आणि वकील परवडत नाही.

यातल्या पुष्कळ गोष्टींसाठी संसदेची किंवा सर्वोच्च न्यायालयाची वाट पाहण्याची गरज नाही. राज्य सरकारच्या कर्मचाऱ्यांची शिस्त व अपील यांचे नियम 1979 चे आहेत आणि ते बदलण्याचा अधिकार राज्याचाच आहे. मोठी शिक्षा देण्यापूर्वी कर्मचाऱ्याला केवळ शिक्षेच्या प्रश्नावर ऐकून घेणे, त्याची चांगली-वाईट संपूर्ण नोंद आदेशात मांडणे आणि ठपका, वेतनवाढ रोखणे किंवा पदावनती का पुरेशी नाही याची कारणे त्याच आदेशात लिहिणे, अशी तीन कलमे त्यांत घालता येतील. एस.टी. महामंडळाला, महापालिकांना, जिल्हा परिषदांनाही ती आपापल्या चौकटीत आणता येतील. कारखान्यांतल्या युनियननी पुढच्या कराराच्या मागणीपत्रात पगारवाढीच्या आकड्याखाली हीच तीन कलमे लिहावीत. मॅटमध्ये, कामगार न्यायालयात आणि नव्या संहितेनुसार उद्या येणाऱ्या दोन सदस्यांच्या औद्योगिक न्यायाधिकरणांत बसणाऱ्यांनी कारणे न लिहिलेला बडतर्फीचा आदेश समोर आला की पहिल्याच तारखेला त्याला अंतरिम स्थगिती द्यावी आणि कारणे लिहून आणायला सांगावे.